दैनिक सरासरीवरून एकूण काढणे: शाब्दिक उदाहरण पायरीपायरीने

‘दररोज सरासरी ३४६ वाचक’ आणि ‘मार्च महिना’ एवढे हाती आले की बहुतेक मुले लगेच गुणाकाराची उभी मांडणी करायला घेतात. मांडणी नीट असते, पाढे पाठ असतात, तरीही उत्तर चुकते. अशा वहीत चूक शोधायला बसलो तर ती गुणाकारात क्वचितच सापडते. दिवस मोजताना एक दिवस सुटलेला असतो, मिनिटे आणि तास एकमेकांत मिसळलेले असतात, नाहीतर ही सरासरी नेमकी कोणत्या दिवसांची आहे हे कोणी विचारलेलेच नसते. म्हणून या लेखात गुणाकाराची रीत दिली असली, तरी जास्त वेळ त्याच्या आधीच्या आणि नंतरच्या कामावर घालवला आहे. चौथी-पाचवीच्या मुलांना घरी शिकवणाऱ्या पालकांना आणि स्वतः अभ्यास करणाऱ्या मुलांना हे सगळे वहीत करून पाहता येईल.

आधी हे कळायला हवे: सरासरीला दिवसांनी का गुणायचे?

पाच दिवसांत एका मुलीने रोज किती पाने वाचली याची नोंद अशी आहे: १२, १९, ८, २२, १४. यांची बेरीज ७५. दिवस ५. म्हणून दैनिक सरासरी ७५ ÷ ५ = १५ पाने.

आता नोंद पुन्हा पाहा. तिने एकाही दिवशी बरोबर १५ पाने वाचलेली नाहीत. पहिल्या दिवशी ३ कमी, दुसऱ्या दिवशी ४ जास्त, तिसऱ्या दिवशी ७ कमी, चौथ्या दिवशी ७ जास्त, शेवटच्या दिवशी १ कमी. कमी पडलेली पाने ३ + ७ + १ = ११, आणि जास्तीची पाने ४ + ७ = ११. दोन्ही बाजू बरोबर फिटतात. हा योगायोग नाही. सरासरी काढली की हे असेच होते. जास्तीचे दिवस कमी पडलेल्या दिवसांची भर काढतात, आणि म्हणूनच ‘पाचही दिवस १५ पाने वाचली’ असे मानून १५ × ५ केले तरी बेरीज ७५ च येते.

सरासरी काढताना एकूण संख्येला दिवसांनी भागले होते. एकूण परत हवे असेल तर दिवसांनी गुणायचे. सगळी रीत एवढीच:

एकूण = दैनिक सरासरी × दिवसांची संख्या

पण याच उदाहरणात एक मर्यादाही दिसते. ‘पहिल्या तीन दिवसांत किती पाने वाचली?’ असे विचारले, तर १५ × ३ = ४५ हे उत्तर चूक आहे. नोंदीप्रमाणे १२ + १९ + ८ = ३९. सरासरी पाच दिवसांची होती, तिने हमी दिली ती पाच दिवसांच्या बेरजेची. मधल्या कोणत्याही तुकड्याबद्दल ती काहीच सांगत नाही. ‘दररोज १५ पाने’ आणि ‘दररोज सरासरी १५ पाने’ यांत फरक आहे तो इथे. पहिल्या विधानावरून तीन दिवसांचे उत्तर ठामपणे देता येते, दुसऱ्यावरून येत नाही. मुलांना ‘सरासरी’ हा शब्द उदाहरणात अधोरेखित करायला सांगावा. तो शब्द वगळून वाचले तरी गुणाकार तोच राहतो, आणि म्हणूनच तो नजरेतून निसटतो.

मूल लहान असेल तर चौकटींच्या कागदावर पाच उभे स्तंभ रंगवून घ्या: १२, १९, ८, २२ आणि १४ चौकटींचे. मग १५ व्या चौकटीवर आडवी रेघ मारा. रेघेच्या वरच्या चौकटी आणि रेघेखाली रिकाम्या राहिलेल्या चौकटी मुलाला स्वतः मोजू द्या. दोन्ही ११ निघाल्या की सूत्र पाठ करून घ्यायची गरज उरत नाही.

एक उदाहरण सुरुवातीपासून शेवटपर्यंत

उदाहरण: एका वाचनालयात मार्च महिन्यात दररोज सरासरी ३४६ वाचक आले. वाचनालय महिनाभर रोज उघडे होते. तर त्या महिन्यात एकूण किती वाचक आले?

पहिली पायरी: शेवटचा प्रश्न आधी वाचा. काय काढायचे आहे? एकूण वाचक. हे उत्तराच्या वाक्याच्या रूपात आधीच लिहून ठेवावे: ‘मार्च महिन्यात एकूण ____ वाचक आले.’ ही सवय लागली की मूल शेवटी नुसता आकडा लिहून मोकळे होत नाही आणि एककही विसरत नाही.

दुसरी पायरी: दिलेल्या प्रत्येक संख्येपुढे ‘कशाचे, किती काळाचे’ ते लिहा.

३४६ → एका दिवसाचे वाचक, सरासरी
मार्च → ३१ दिवस

उदाहरणात ३१ ही संख्या छापलेलीच नाही, ती कॅलेंडरवरून आपण आणायची आहे. शाब्दिक उदाहरणांत अशी लपलेली माहिती वारंवार येते: महिन्याचे दिवस, आठवड्याचे ७ दिवस, तासाची ६० मिनिटे. समोर एकच संख्या दिसते म्हणून काही मुले गोंधळतात, तर काही सवयीने महिना म्हणजे ३० दिवस धरतात.

तिसरी पायरी: अंदाज. खरा गुणाकार करण्यापूर्वी ३४६ ला ३५० आणि ३१ ला ३० माना. ३५० × ३० = १०,५००. उत्तर याच्या आसपास यायला हवे. एक संख्या थोडी वाढवली आणि दुसरी थोडी घटवली, त्यामुळे हा अंदाज बराच जवळचा असणार. दोन्ही संख्या वाढवल्या असत्या तर अंदाज खऱ्या उत्तरापेक्षा नक्की मोठा आला असता, दोन्ही घटवल्या असत्या तर नक्की लहान. अंदाज वहीच्या कडेला लिहून ठेवा, तो पुढे लागणार आहे.

चौथी पायरी: गुणाकार. उभ्या मांडणीत ३४६ हे गुण्य आणि ३१ हा गुणक. ३१ ची फोड ३० + १.

३४६ × १ = ३४६
३४६ × ३० = १०,३८०
बेरीज = १०,७२६

दशकाच्या अंकाने गुणताना एककाच्या घरात शून्य लिहायचे ते याचसाठी: आपण ३ ने नाही, ३० ने गुणत असतो. ३४६ × ३ = १,०३८ हे तोंडी करताना ६ × ३ = १८, हातचा १; ४ × ३ = १२ आणि १, १३, हातचा १; ३ × ३ = ९ आणि १, १०. मग त्यापुढे शून्य.

पाचवी पायरी: पडताळा. अंदाज १०,५०० होता, उत्तर १०,७२६ आले. जवळ आहे.

जुन्या पद्धतीचा नऊचा ताळाही करून पाहा. प्रत्येक संख्येतील अंकांची बेरीज एक अंक उरेपर्यंत करायची. ३ + ४ + ६ = १३, १ + ३ = ४. ३ + १ = ४. दोघांचा गुणाकार १६, म्हणजे ७. उत्तराची बेरीज १ + ० + ७ + २ + ६ = १६, म्हणजे ७. ताळा जुळला.

ताळा जुळला तरी अंदाज का सोडायचा नाही, हे याच उदाहरणात छान दिसते. समजा दशकाने गुणताना शून्य द्यायचे राहिले आणि ३४६ मध्ये १,०३८ मिळवून उत्तर १,३८४ लिहिले. अंकांची बेरीज १ + ३ + ८ + ४ = १६, म्हणजे ७. ताळा जुळतोच! शून्य कमी-जास्त झाले किंवा १०,७२६ ऐवजी १०,७६२ असे अंक उलटसुलट लिहिले गेले, तर नऊच्या ताळ्याला पत्ता लागत नाही, कारण त्याने अंकांची बेरीज बदलत नाही. १,३८४ ही चूक पकडतो तो १०,५०० चा अंदाज. हातच्यातली चूक मात्र ताळा बहुधा पकडतो, जी अंदाजात बुडून जाते. म्हणून दोन्ही करावेत. मिळून अर्धे मिनिटही लागत नाही.

सहावी पायरी: उत्तराचे वाक्य. ‘मार्च महिन्यात एकूण १०,७२६ वाचक आले.’ इथे क्षणभर थांबून मुलाला विचारावे: म्हणजे १०,७२६ वेगवेगळी माणसे आली का? नाही. रोज येणारा वाचक महिन्यात ३१ वेळा मोजला गेला आहे. हे एकूण भेटींचे आहे, माणसांचे नाही. परीक्षेत हे कोणी विचारत नाही, पण आकडा वाचायला शिकायचे तर हा प्रश्न हवाच.

दिवस मोजणे

माझ्या मते या प्रकारच्या उदाहरणांतले खरे अवघड काम हेच आहे, आणि शिकवताना यालाच सर्वांत कमी वेळ मिळतो.

‘७ एप्रिलपासून २३ एप्रिलपर्यंत, दोन्ही दिवस धरून’ असे असेल तर किती दिवस? २३ − ७ = १६ हे उत्तर चटकन सुचते आणि ते चूक आहे. २३ मधून ७ वजा केले की १ ते ७ हे सातही दिवस गेले, त्यात ७ तारीखही गेली. ती आपल्याला हवी आहे. म्हणून १ मिळवायचा: १७ दिवस. शंका वाटली तर लहान आकड्यांवर करून पाहा. ७ ते ९ म्हणजे ७, ८, ९, तीन दिवस. ९ − ७ मात्र २ च येतात.

महिना ओलांडायचा असेल तर तुकडे करा. १८ मे ते ९ जुलै, दोन्ही दिवस धरून:

मे: ३१ − १८ + १ = १४
जून: ३०
जुलै: ९
एकूण: ५३ दिवस

‘१ मिळवा’ हे फक्त पहिल्या तुकड्यात आले आहे. जुलैचे १ ते ९ हे सरळ नऊ दिवस आहेत, तिथे पुन्हा १ मिळवला की एक दिवस फुकट वाढतो. दैनिक सरासरी १२८ असेल तर एकूण १२८ × ५३ = ६,४०० + ३८४ = ६,७८४. एक दिवस इकडेतिकडे झाला असता तर उत्तर थेट १२८ ने चुकले असते. दिवस मोजण्यातली चूक नेहमी अशी पूर्ण सरासरीएवढी महाग पडते.

कोणता महिना ३१ चा हे मुठीच्या उंचवट्यांवर मोजायची युक्ती सगळ्यांना ठाऊक असते. जुलै आणि ऑगस्ट लागोपाठ ३१ चे, एवढे लक्षात ठेवले तरी पुरते. फेब्रुवारीसाठी वर्ष पाहावे लागते. ४ ने भाग जाणारे वर्ष लीप, पण शतकाचे वर्ष असेल तर त्याला ४०० ने भाग जायला हवा. म्हणून २००० आणि २०२४ ही लीप वर्षे, १९०० मात्र नाही.

मग येतात सुट्ट्या. एका कार्यशाळेत आठवड्यातून ६ दिवस काम चालते. कामाच्या दिवशी सरासरी २४५ सुटे भाग तयार होतात. ४ आठवड्यांत किती?

इथे ४ × ७ = २८ दिवस धरले तर २४५ × २८ = ६,८६० येते. पण सरासरी कामाच्या दिवसांची आहे, आणि कामाचे दिवस ४ × ६ = २४. बरोबर उत्तर २४५ × २४ = ५,८८०. फरक ९८०, म्हणजे चार सुट्ट्यांचे न झालेले उत्पादन.

हीच माहिती दुसऱ्या तऱ्हेनेही दिली जाऊ शकते. आठवड्याचे उत्पादन २४५ × ६ = १,४७०. ते सातही दिवसांवर वाटले तर सरासरी २१०. आता ‘सुट्टी धरून दररोज सरासरी २१० भाग’ असे दिले असेल, तर २८ दिवसांनीच गुणायचे: २१० × २८ = ५,८८०. उत्तर तेच. दोन्ही सरासऱ्या खऱ्या आहेत, फक्त प्रत्येकीला तिच्याच दिवसांनी गुणायला हवे. सरासरी काढताना ज्या दिवसांनी भागले, तेच दिवस गुणताना हवेत.

एकके जुळवणे

‘एक मुलगा दररोज सरासरी ३५ मिनिटे वाचन करतो. ६० दिवसांत तो किती तास वाचन करेल?’ ३५ × ६० = २,१००, पण ही मिनिटे आहेत. प्रश्न तासांचा आहे, म्हणून २,१०० ÷ ६० = ३५ तास. (६० दिवस असले की रोजची जितकी मिनिटे, तितकेच एकूण तास. ३० दिवसांना त्याच्या निम्मे. हे मुलांना स्वतः शोधू द्यावे, त्यांना फार आवडते.)

तास दशांशात दिले असतील तर जास्त जपावे. दररोज सरासरी ०.७५ तास म्हणजे ७५ मिनिटे नाहीत, ०.७५ × ६० = ४५ मिनिटे आहेत.

कधी सरासरी दिवसाची नसतेच. विश्रांतीच्या अवस्थेत हृदयाचे ठोके मिनिटाला सरासरी ७२ पडतात असे धरले आणि एका आठवड्याचे ठोके विचारले, तर आधी दिवसापर्यंत पोहोचावे लागते: ७२ × ६० = ४,३२० तासाला, ४,३२० × २४ = १,०३,६८० दिवसाला, आणि १,०३,६८० × ७ = ७,२५,७६० आठवड्याला. प्रत्येक टप्प्यावर एकक लिहिले तर साखळी तुटत नाही.

वर्षाचा हिशेब असेल तर ३६५ ची फोड ३०० + ६० + ५ करणे सोयीचे. दररोज सरासरी १,२५० लिटर पाणी, ३६५ दिवस:

१,२५० × ३०० = ३,७५,०००
१,२५० × ६० = ७५,०००
१,२५० × ५ = ६,२५०
एकूण = ४,५६,२५० लिटर

अपूर्णांकातली सरासरी

‘दररोज सरासरी २३.४ पत्रे येतात’ हे वाचून मुले हमखास विचारतात, ०.४ पत्र कसे येईल? प्रश्न चांगला आहे, टाळू नये. एका दिवशी ०.४ पत्र येत नाही. पाच दिवसांत मिळून ११७ पत्रे येतात आणि ती पाच दिवसांवर सारखी वाटली की २३.४ होतात. सरासरी ही मोजलेली वस्तू नाही, वाटून काढलेली संख्या आहे.

म्हणून गुणाकाराआधी तिला २३ करू नका. २३.४ × ३० = ७०२, तर २३ × ३० = ६९०. महिन्यात १२ पत्रे हरवली. वर्षभरात २३.४ × ३६५ = ८,५४१, तर २३ × ३६५ = ८,३९५, म्हणजे १४६ चा फरक. जवळच्या पूर्णांकात आणायचेच असेल तर ते शेवटी, उत्तरावर करावे.

उलट अडचणही येते. दिलेली सरासरीच कोणीतरी आधी जवळच्या किमतीत आणलेली असते. ७ दिवसांत १०० पत्रे आली तर सरासरी १४.२८५७… येते, आणि छापताना ती १४.३ केली जाते. १४.३ × ७ = १००.१. हे ०.१ पत्र आले कुठून? ते छाटणीतून आले. एक दशांश स्थळापर्यंत १४.३ लिहिलेली सरासरी खरे तर १४.२५ ते १४.३५ यांच्यामध्ये कुठेही असू शकते. ७ ने गुणले की एकूण ९९.७५ ते १००.४५ यांच्यामध्ये. पत्रे पूर्ण संख्येत असतात, म्हणून १०० हेच उत्तर शक्य. पण सरासरी नुसती १४ छापली असती तर एकूण ९४.५ ते १०१.५, म्हणजे ९५ ते १०१ यांपैकी काहीही असू शकले असते. सरासरीतली छोटीशी छाटणी दिवसांच्या पटीत वाढते. जितके दिवस जास्त, तितकी ही बाब महत्त्वाची.

गुणाकार नक्की हवा आहे का?

एकूण, दैनिक सरासरी आणि दिवस या तीन गोष्टींपैकी दोन दिलेल्या असतात, तिसरी काढायची असते. एकूण विचारले तर गुणाकार, इतर दोन्हींसाठी भागाकार. एकूण ४,५०० आणि दैनिक सरासरी १८० असेल तर दिवस ४,५०० ÷ १८० = २५. ‘सरासरी’ शब्द दिसला की भागायचे, अशी खूणगाठ काही मुले बांधतात, कारण सरासरीचा धडा त्यांनी भागाकारातून शिकलेला असतो. ती मोडायची असेल तर एकच गोष्ट तीन तऱ्हांनी विचारावी आणि प्रत्येक वेळी ‘काय माहीत नाही?’ एवढेच विचारावे.

भागाकार नि:शेष नसेल तर उत्तराचा अर्थ पाहा. १,००० पानांचे पुस्तक दररोज सरासरी ३६ पाने वाचून किती दिवसांत संपेल? २७ दिवसांत ९७२ पाने होतात, २८ उरतात, त्यामुळे २८ वा दिवस लागतोच.

दोन सरासऱ्या असतील तर

पहिल्या १२ दिवसांची दैनिक सरासरी ४५ आणि पुढच्या १८ दिवसांची ६०. तीस दिवसांचे एकूण किती?

मोह होतो तो ४५ आणि ६० यांची सरासरी ५२.५ घेऊन ३० ने गुणण्याचा: १,५७५. खरे उत्तर:

४५ × १२ = ५४०
६० × १८ = १,०८०
एकूण = १,६२०

चूक झाली कुठे? ६० ची सरासरी १८ दिवस टिकली, ४५ ची १२ च दिवस. दोघींना सारखे वजन देऊन आपण मोठ्या सरासरीवर अन्याय केला. तीस दिवसांची खरी सरासरी १,६२० ÷ ३० = ५४ आहे, ६० च्या बाजूला झुकलेली. दोन्ही तुकडे सारख्या दिवसांचे असते तरच ५२.५ चालले असते. सरासऱ्यांची थेट बेरीज करायची नाही; आधी प्रत्येकीचे एकूण काढायचे, मग एकूणांची बेरीज.

याच विचाराने राहिलेला दिवसही सापडतो. ७ दिवसांची सरासरी ४० हवी आहे आणि ६ दिवसांची बेरीज २३१ झाली आहे. ४० × ७ = २८०, म्हणून सातव्या दिवशी २८० − २३१ = ४९.

उत्तर पक्के की अंदाजे?

‘मार्चमध्ये दररोज सरासरी ३४६ वाचक आले, मार्चचे एकूण किती?’ याचे उत्तर पक्के असते. ‘याच सरासरीने एप्रिलमध्ये किती येतील?’ याचे ३४६ × ३० = १०,३८० हे उत्तर अंदाज असते. क्रियापदाचा काळ पाहा: ‘आले’ आणि ‘येतील’. दुसऱ्या उत्तराआधी ‘सुमारे’ लिहायला शिकवावे, आणि ते १०,४०० असे लिहिले तरी हरकत नाही.

आकाशात याचे सुंदर उदाहरण आहे. चंद्र ताऱ्यांच्या संदर्भात दररोज सरासरी सुमारे १३.१८ अंश पुढे सरकतो. १० दिवसांत १३१.८ अंश, असा हिशेब लगेच होतो. पण चंद्राची कक्षा लंबवर्तुळाकार आहे. पृथ्वीच्या जवळ असताना तो दिवसाला १५ अंशांच्या आसपास सरकतो, दूर असताना १२ अंशांच्याही खाली येतो. त्यामुळे कोणत्याही दहा दिवसांचे खरे उत्तर या गुणाकारापासून काही अंशांनी ढळलेले असू शकते. सिद्धान्त ज्योतिषात, म्हणजे जुन्या भारतीय खगोलगणितात, म्हणूनच काम दोन टप्प्यांत होते. उलटलेल्या दिवसांची संख्या म्हणजे अहर्गण; त्यावरून मध्यम (म्हणजे सरासरी) गतीने ग्रहाचे मध्यम स्थान काढायचे आणि मग त्यावर संस्कार (म्हणजे दुरुस्त्या) करून स्पष्ट, म्हणजे प्रत्यक्षातले, स्थान मिळवायचे. गुणाकाराने मिळालेले स्थान मध्यम आहे, हे त्या गणितात कधी नजरेआड होत नव्हते.

सगळे एकत्र

उदाहरण: एका जलशुद्धीकरण केंद्रात ४ टाक्या आहेत. केंद्र चालू असलेल्या दिवशी सरासरी ८६४ घनमीटर पाणी सोडले जाते. १५ सप्टेंबर ते ३१ ऑक्टोबर (दोन्ही दिवस धरून) या काळात दुरुस्तीसाठी केंद्र ३ दिवस बंद होते. या काळात एकूण किती लिटर पाणी सोडले?

काय काढायचे: एकूण पाणी, लिटरमध्ये. टाक्यांची संख्या कुठेच लागत नाही. ८६४ हे सगळ्या केंद्राचे आहे, त्यामुळे ४ ने गुणायचे नाही. उदाहरणातली प्रत्येक संख्या वापरलीच पाहिजे असा नियम नाही.

दिवस: सप्टेंबरचे ३० − १५ + १ = १६, ऑक्टोबरचे ३१, मिळून ४७. बंद ३. चालू दिवस ४४.

अंदाज: ८५० × ४५ = ३८,२५०.

गुणाकार: ८६४ × ४ = ३,४५६ आणि ८६४ × ४० = ३४,५६०. बेरीज ३८,०१६ घनमीटर.

ताळा: ८ + ६ + ४ = १८, म्हणजे ९. ३८,०१६ चे ३ + ८ + ० + १ + ६ = १८, म्हणजे ९. एका संख्येचा ताळा ९ आला की गुणाकाराचाही ९ च यायला हवा, तो आला.

एकक: १ घनमीटर म्हणजे १,००० लिटर. ३८,०१६ × १,००० = ३,८०,१६,००० लिटर.

उत्तर: या काळात एकूण ३,८०,१६,००० लिटर पाणी सोडले.

सरावासाठी

१. दररोज सरासरी ४७ पाने टंकलिखित होतात. संपूर्ण नोव्हेंबरमध्ये, रोज काम चालू असताना, किती पाने होतील?

२. १० फेब्रुवारी २०२४ ते ५ मार्च २०२४, दोन्ही दिवस धरून, दररोज सरासरी ६,२५० पावले चालली. एकूण किती? हेच २०२३ मध्ये असते तर?

३. पहिल्या १० दिवसांची दैनिक सरासरी ३२.५ आणि पुढच्या १५ दिवसांची ४०. एकूण किती आणि २५ दिवसांची सरासरी किती?

४. आठवड्याची दैनिक सरासरी १८, पहिल्या ६ दिवसांची बेरीज १०१. सातव्या दिवशी किती?

५. दररोज सरासरी ०.७५ तास सराव, १२ आठवडे. एकूण किती तास?

उत्तरे: १) १,४१०. २) २०२४ मध्ये फेब्रुवारीचे २० आणि मार्चचे ५, मिळून २५ दिवस, १,५६,२५० पावले, २०२३ मध्ये २४ दिवस, १,५०,००० पावले. ३) ३२५ + ६०० = ९२५; सरासरी ३७. ४) १२६ − १०१ = २५. ५) ८४ दिवस, ६३ तास. दुसऱ्या उदाहरणाचे उत्तर चुकले तर गुणाकार पुन्हा करण्याआधी दिवस पुन्हा मोजा, आणि तिसऱ्यात ३६.२५ आले असेल तर दोन सरासऱ्यांचा भाग परत वाचा.